खुंटी ज्याच्या त्याच्या दारात, पण पाळी कुणाची?

पत्र

ताई, मी बागलाण तालुक्यात प्राथमिक शाळेत शिकवते. तीन वर्षं झाली, रात्री मुलं झोपली की एक कादंबरी लिहीत बसते. तिच्यात निमखोरं नावाचं माझं एक जग आहे. तिथे प्रत्येक घराच्या उंबऱ्यात एक पळखुंटी रोवलेली असते. ती पिळली की त्या घराच्या अंगणापुरता वेळ थांबतो, धावतो किंवा दोन-तीन घटिका मागे जातो. निमखोऱ्यात राजा नाही, मुख्य यंत्र नाही, परवानगी मागायला कुणी नाही. खुंट्या एकमेकींना सुताने जोडलेल्या आहेत आणि आपापसात हिशेब ठेवतात. तुळसा नावाच्या मुलीचा भाऊ डोहात बुडतो, ती धावत घरी येऊन खुंटी पिळते, तिथून गोष्ट सुरू होते.

माझ्या बहिणीने वाचून विचारलं, कुणालाही वेळ मागे नेता येतो, तर मग काळजी कसली? शाळेतले एक सर म्हणाले, एखादं महाकालयंत्र आणा, ते बळकावणारा दुष्ट सम्राट आणा, म्हणजे रंग भरेल. पहिली साठ पानं खुंटी कशी चालते हे सांगण्यातच गेली आहेत. शब्दांशीही अडतं. 'डिसेंट्रलाइज्ड' लिहू की 'विकेंद्रित कालप्रचालन'? सम्राट आणू का? की सोडूनच देऊ? पहिली वीस पानं सोबत पाठवते. नाव छापू नये.

उत्तर

प्रिय मैत्रिणी,

सोडू नका, आणि सम्राटही आणू नका. दोन्ही उत्तरं आधीच देऊन टाकते, म्हणजे पुढचं निवांत बोलता येईल.

तुमची वीस पानं मी दोनदा वाचली. सरांनी आपुलकीनेच सांगितलं असणार, पण महाकालयंत्र आलं की गोष्टीला एकच वाट उरते. किल्ल्यात शिरा, यंत्र मोडा, सम्राटाला खाली ओढा. दारोदारच्या खुंट्या मग शोभेच्या होतात. आज निमखोऱ्यात तुळसाचं बरंवाईट ज्यांच्या हातात आहे ती सगळी तिच्या ओळखीची माणसं आहेत. कुणाला ती काकू म्हणते, कुणाच्या घरून विरजण आणते. सम्राटाचा राग करणं सोपं असतं. जिच्या खुंटीमुळे भाऊ परत आला नाही त्या काकूशेजारी दुसऱ्या दिवशी विहिरीवर उभं राहायचं, हे फार अवघड आहे. हे अवघडपण तुमच्या जगात आपसूक आहे. ते सम्राटाच्या पायी घालवू नका.

बहिणीने मात्र नेमक्या जागी बोट ठेवलं आहे. तिला माझा नमस्कार सांगा. वेळ मागे नेणं फुकट असेल तर भाऊ बुडला काय आणि वाचला काय, वाचकाला त्याचं काही वाटणार नाही. म्हणून तिच्या प्रश्नाच्या आधी एक प्रश्न तुम्ही स्वतःला विचारा. तुळसाने मागे नेलेल्या त्या दोन घटिका येतात कुठून? तुमच्या चौदाव्या पानावर एक वाक्य आहे, 'खुंट्या आपापसात हिशेब ठेवतात.' ते लिहून तुम्ही पुढे निघून गेलात. मला वाटतं तुमची सगळी कादंबरी त्या एका वाक्यात दडलेली आहे.

तुम्ही बागलाणच्या, म्हणून हे सांगायला मला संकोच वाटतो, पण इतर वाचकांसाठी सांगते. मोसम, आरम, पांझरा या नद्यांवर, नाशिक आणि धुळे जिल्ह्यांत, तीनचारशे वर्षांपासून शेतीचं पाणी गावाने मिळून वाटायची फडपद्धत चालत आली. नदीवर बंधारा, बंधाऱ्यातून पाट, पाटातून चाऱ्या, चाऱ्यांतून शेतात पाणी. गावाचं भिजणारं रान तीनचार फडांत, म्हणजे मोठ्या तुकड्यांत, वाटलेलं आणि एका फडात सगळ्यांचं पीक एकच. कुठल्या फडात यंदा काय घ्यायचं, पाणी कमी असेल तर कुठला फड कोरडा ठेवायचा, हे गावाने बसून ठरवायचं. आपल्या वाफ्यात आपल्या हाताने पाणी वळवून घ्यायचं नाही. ते काम पाटकऱ्याचं. पुष्कळ ठिकाणी धरणं आणि विहिरी आल्यावर ही घडी विस्कटली, काही ठिकाणी अजून टिकून आहे. वर बसून हुकूम सोडणारा कुणी नसताना एका वाहत्या गोष्टीची वाटणी इतकी वर्षं कशी झाली, याचं उत्तर तुमच्या घरापासून सायकलच्या अंतरावर पडलेलं आहे, आणि तुमच्या निमखोऱ्यात त्याचा एक थेंबही नाही. हे वाचताना मला खरंच हळहळ वाटली.

तेव्हा वेळ वाहता ठेवा. खोऱ्याच्या डोक्याकडून तो सुतासुताने घरोघर येतो आणि शेवटच्या वाडीशी संपतो, एवढं एकदा मानलं की खुंटी पिळणं म्हणजे पाट फोडणं होतं. तुळसाने दोन घटिका आपल्या अंगणात अडवल्या, तर खालच्या तीन अंगणांत त्या पोचणार नाहीत. वेळ न पोचलेलं अंगण कसं दिसेल? दही लागत नाही. कोंबडी बसली आहे पण अंडी उबत नाहीत. तापाने फणफणलेल्या पोराचा ताप उतरतही नाही आणि चढतही नाही, त्याची आई हातात ओला पंचा धरून तशीच बसली आहे. असं एक पान लिहिलंत तर बहिणीचा प्रश्न पुन्हा निघणार नाही. किंमत मोजणाऱ्या माणसाला नाव आणि घर असलं पाहिजे. 'विश्वाचा समतोल बिघडतो' असं तुम्ही अकराव्या पानावर लिहिलं आहे, ते काढा. विश्वाचा समतोल बिघडल्याने कुणाच्या पोटात कालवत नाही.

इथेच पाणी पंचायतीचीही आठवण करून देते. १९७२च्या दुष्काळानंतर विलासराव साळुंखे यांनी पुरंदर तालुक्यात नायगावला जो प्रयोग उभा केला, त्यात पाण्याचा वाटा जमिनीवर ठरत नव्हता, घरातल्या माणसांवर ठरत होता. माणशी अर्धा एकर भिजेल इतकं पाणी, त्यालाही कुटुंबामागे मर्यादा, आणि भूमिहीनालाही वाटा. ऊस घ्यायचा नाही. जमीन विकली तरी पाण्याचा हक्क तिच्याबरोबर विकला जात नाही. यातला प्रत्येक नियम निमखोऱ्यात नेऊन बघा. ज्याचं घर नाही, त्याचा उंबरा नाही. मग त्याच्या वाट्याच्या घटिका कुठे जातात? हुंड्यात खुंटी देता येते का? सात माणसांच्या आणि एकट्या म्हातारीच्या घराला वेळ सारखाच मिळतो का? तुमच्या पानांवर एक भटका भांडीवाला दोन ओळींत येऊन जातो. त्याला खुंटी नाही. तो इतरांच्या वेळावर जगतो आणि बहुधा सगळ्यांत जास्त तोच जाणतो. त्याला परत बोलवा.

आता तुम्ही विचारला नाहीत, पण मला रात्रभर पुरला असा प्रश्न. दोन-तीन घटिकाच का? घटिका म्हणजे आपली चोवीस मिनिटं. अट्ठेचाळीस मिनिटं मागे जाता येतं आणि पाच तास मागे जाता येत नाही, हे तुम्ही नियम म्हणून सांगून टाकलंत. नियम सांगून टाकला की वाचकाला लेखिकेचा हात दिसतो. कारण द्या, म्हणजे हात दिसणार नाही.

एक कारण सुचवते. मालक नसलेली हिशेबवही कशी टिकते, याचा विचार संगणकवाल्यांनी पुष्कळ केला आहे. बिटकॉइन या संगणकावरच्या पैशाचं उदाहरण घ्या. २००८ साली त्याची कल्पना मांडली गेली, २००९ला ते सुरू झालं. त्यात साधारण दर दहा मिनिटांनी नोंदींचा एक नवा गठ्ठा आधीच्या गठ्ठ्याला बांधला जातो. प्रत्येक गठ्ठ्यात आधीच्याची खूण असते. जुनी नोंद बदलायची तर तिच्यानंतर बांधलेला प्रत्येक गठ्ठा सोडून नव्याने बांधावा लागतो, तेही बाकीचे सगळे पुढे बांधत असताना. म्हणून नोंद जितकी जुनी तितकी ती पक्की. कुणी कुलूप लावलेलं नसतं. इतरांची कामं तिच्यावर उभी राहिलेली असतात, एवढंच. मला त्या पैशाचं कौतुक नाही, पण ही एक युक्ती सुंदर आहे.

तुमच्याकडे सूत आहेच. कुणाच्या अंगणात काही घडलं आणि ते दुसऱ्याला कळलं, की त्याच्या सुताची गाठ तुमच्या सुतावर बसते. त्याच्याकडून तिसऱ्याला कळलं की आणखी एक गाठ. गाठ बसली नाही तोवर तुमचा वेळ तुमचा, हवा तसा पिळा. गाठी बसल्या की मागे जायला त्या सगळ्यांनी आपापली गाठ सोडायला हवी. वाडीत बातमी फिरायला दोन घटिका लागतात, म्हणून मर्यादा दोन घटिकांची. नियम कुणी केला नाही, लोकांच्या बोलण्याने झाला.

आता तुळसाला डोहाकाठी उभं करा. भाऊ पाण्याखाली गेला आहे. तिने हाक मारली तर माणसं धावून येतील, कदाचित कुणी उडी घेऊन त्याला बाहेर काढेल. पण हाक ज्याच्या कानावर गेली त्याची गाठ बसली. ती मुकाट्याने घरी धावली तर खुंटी पिळता येईल, पण वाटेत कुणी विचारलं, 'काय गं, कुठे निघालीस?' तर चेहऱ्यावर काही दिसू देता कामा नये. नऊ-दहा वर्षांची मुलगी, उर फुटेल इतकं ओरडावंसं वाटतंय आणि तोंड मिटून चालते आहे. बाई, हे तुमचं पहिलं पान आहे. खुंटी कशी चालते हे सांगणारी साठ पानं या एका पानात मावतील.

ती ओरडली असं समजू. मला वाटतं तिने ओरडायलाच हवं, कुठलंही लेकरू ओरडेल. मग गाठी बसल्या, आणि आता चार घरांनी आपली गाठ सोडायला कबूल झालं पाहिजे. इथे मी चार म्हणते ते उगाच नाही. १९८२ साली लॅम्पोर्ट, शोस्टाक आणि पीस या तीन संगणकशास्त्रज्ञांनी एक कोडं मांडलं. वेढा घालून बसलेले काही सेनापती आहेत, एकमेकांशी निरोप्यांमार्फत बोलतात, त्यांत कुणी फितूर आहे. तरी बाकीच्यांचं एकमत कसं व्हावं? त्यांनी दाखवलं की निरोप नुसते तोंडी असतील आणि एक फितूर असेल तर तिघांत निभाव लागत नाही, किमान चौघं लागतात. दोन फितूर असतील तर सात.

कारण साधं आहे. गोदाकाकू तुळसाला सांगते, 'मी गाठ सोडली.' सखूआत्या येऊन सांगते, 'मला तर गोदा म्हणाली, सोडणार नाही.' आता खोटं कोण बोलतंय? गोदा दोघींना दोन गोष्टी सांगते आहे, की सखूच निरोप फिरवून सांगते आहे? तीन घरांत हे कळायला वाव नाही, तुळसाला दोन्ही बाजू सारख्याच दिसतात. चौथं घर आलं की तीन तोंडांतून आलेला निरोप ताडून बघता येतो आणि बहुमताने खरं काय ते निघतं. म्हणजे तुळसाच्या वस्तीत घरं किती, हा तुमच्या कादंबरीत जीवनमरणाचा आकडा आहे. पानं चाळताना मला दिसलं की तुमच्या वस्तीत आत्ता तीनच घरं आहेत, चौथं ओस पडलंय, दाराला वेल चढली आहे. तुम्हाला कल्पना नसताना तुम्ही किती नेमकं लिहून ठेवलं आहे! त्या ओस घराची माणसं कुठे गेली ते शोधा. भांडीवाला त्या घरचा तर नव्हे?

सुतामुळे आणखी एक भांडण उभं राहतं. आधी कोण? समजा त्याच सकाळी वरच्या आळीतल्या कुणीतरी आपली खुंटी पिळली होती, म्हणून तुळसाकडे वेळ तुटपुंजा आला. तो म्हणतो, मी आधी पिळली. ती म्हणते, मी. सगळ्यांसाठी टोल देणारं एक घड्याळ नसेल तर आधी म्हणजे काय? त्या तिघांतल्याच लेस्ली लॅम्पोर्ट यांनी १९७८ साली यावर एक निबंध लिहिला. त्यांची तोड अशी. एकमेकांना निरोप धाडणाऱ्या प्रत्येक संगणकाने आपापली मोजणी ठेवायची, काही घडलं की आकडा एकाने वाढवायचा. निरोप धाडताना आकडा सोबत धाडायचा. ज्याला निरोप मिळेल त्याने आपला आणि आलेला यांतला मोठा आकडा धरून त्यात एक मिळवायचा. असं केलं की उत्तराचा आकडा प्रश्नाच्या आकड्याहून नेहमी मोठाच येतो आणि ज्या गोष्टी एकमेकींतून निघाल्या त्यांचा क्रम हरवत नाही. पण ज्या दोन अंगणांमध्ये निरोपच गेला नाही, त्यांच्यातलं आधीचं कोण, याला मुळात उत्तरच नसतं. गावाने काहीतरी मानून चालायचं, एवढंच हाती असतं. ते काय मानायचं, यावर माणसं पिढ्यान्पिढ्या भांडतात.

आपल्याकडे असं झालेलं आहे. मुंबईचं घड्याळ ग्रीनिचच्या ४ तास ५१ मिनिटं पुढे चालायचं, कारण मुंबईचा सूर्य तसा होता. १ जानेवारी १९०६ पासून साऱ्या देशासाठी साडेपाच तासांची प्रमाण वेळ ठरली, म्हणजे मुंबईकराचं घड्याळ ३९ मिनिटं पुढे ढकललं गेलं. त्याच जानेवारीत गिरणी कामगार याविरुद्ध उभे राहिले. ज्याच्या घड्याळावर भोंगा वाजतो त्याच्या हाती आपली पहाट जाते, हे त्यांना पुस्तक न वाचता समजलं होतं. मुंबई महापालिकेने आपली जुनी वेळ स्वातंत्र्यानंतरही काही वर्षं सोडली नाही. एकाच शहरात, जवळपास अर्धं शतक, दोन वेगवेगळ्या वेळा. निमखोऱ्यात सात वाड्या आहेत आणि सगळ्यांचा सूर्योदय एकाच घटकेला होतो असं तुम्ही लिहिलंय. का बरं? डोंगराच्या पलीकडच्या वाडीत ऊन उशिरा पोचत असेल. त्यांची पहाट वेगळी आणि त्यांचा हट्टही वेगळा असू द्या.

आणि तुम्हाला वाटत असेल की मालक नसलेला वेळ ही निव्वळ कल्पना आहे, तर तसं नाही. आज जगाची जी प्रमाण वेळ आहे तीही कुठल्या एका घड्याळात नाही. निरनिराळ्या देशांतल्या प्रयोगशाळांमधली चारशेहून जास्त अणुघड्याळं आहेत, त्यात दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळेतलीही आहेत. ती एकमेकांशी ताडून, जे घड्याळ जास्त भरवशाचं त्याला जास्त वजन देऊन, पॅरिसजवळच्या सेव्हर गावातली आंतरराष्ट्रीय वजनमाप संस्था एक सरासरी काढते. हा हिशेब महिन्यातून एकदा प्रसिद्ध होतो. म्हणजे गेल्या मंगळवारी नेमकी किती वेळ होती आणि आपलं घड्याळ किती चुकलं, हे प्रयोगशाळांना मागाहून कळतं! मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुस्तक मिटून बराच वेळ गप्प बसले होते. निमखोऱ्यात अमावस्येच्या अमावस्येला सुताचा हिशेब लागत असेल, आणि तोवर आपण भाऊ खरोखर परत आणला की नाही हे तुळसालाही ठाऊक नसेल, तर? भाऊ समोर बसून भाकरी खातो आहे आणि हिशेब अजून लागायचा आहे. असे पंधरा दिवस तुम्ही लिहू शकाल, मला खात्री आहे.

भौतिकशास्त्राची फार चिंता करू नका. मागे जाऊन आजोबांना मारलं तर काय, या कोड्यात पुष्कळ जण अडकतात. तुमच्या गाठींच्या नियमाने ते कोडं उद्भवतच नाही. एवढं लक्षात असू द्या की वेळ जागोजागी वेगळा चालतो हे तर सिद्धच आहे. २०१० साली अमेरिकेतल्या शास्त्रज्ञांनी दोन अणुघड्याळांपैकी एक जेमतेम फूटभर उचललं आणि वरचं घड्याळ किंचित जलद चालतं हे मोजून दाखवलं. उंबरा आणि माळा यांचा वेळ खरोखरच एक नसतो. त्यापलीकडे तुम्हाला शास्त्राच्या परवानगीची गरज नाही.

साठ पानांबद्दल. ती फाडू नका, वहीत ठेवा, पण वाचकाला दाखवू नका. यंत्र कसं चालतं हे सांगायची उत्तम वेळ म्हणजे ते बिघडतं तेव्हा. लोकांना पाट दिसतो तो पाणी बंद झाल्यावर. शेतीपंपाची वीज कुठे कुठे आठवड्यात काही दिवस फक्त रात्री येते, तेव्हा कडाक्याच्या थंडीत बॅटरी घेऊन शेतात पाण्याला दारं धरायला निघालेल्या माणसाला वीज कशी तयार होते हे सांगावं लागत नाही. आपली रात्र दुसऱ्या कुणीतरी ठरवली आहे, हे त्याला पुरतं कळलेलं असतं. तसा एक माणूस निमखोऱ्यात असावा. त्याच्या घरी वेळ रात्रीचाच येतो.

आणि शब्द. 'डिसेंट्रलाइज्ड' नको आणि 'विकेंद्रित कालप्रचालन' तर त्याहून नको. तुळसाच्या तोंडी दोन्ही बसत नाहीत. तुम्ही पळखुंटी हा शब्द घडवलात तेव्हा कुठला कोश उघडला होता? त्याच कानाने पुढचे शब्द ऐका. पाळी, वाटा, चारी, पाटकरी, दारं धरणं, फोडणं, तुंबणं, मुरणं, हे सगळे शब्द पाण्याकडून वेळाकडे सहज येतील. 'घटका भरली' असं आपण आजही म्हणतो. तळाला बारीक भोक असलेली वाटी पाण्यात सोडायची, ती भरून बुडाली की एक घटका झाली. लग्नात गंगाळात सोडलेलं घटिकापात्र अनेकांनी पाहिलं असेल. म्हणजे मराठीत वेळ आधीपासून पाण्यानेच मोजलेला आहे. तुळसाचा भाऊ डोहात बुडतो आणि घटिका वाटी बुडाल्यावर भरते. हे तुम्ही मुद्दाम केलंत की आपसूक झालं, मला माहीत नाही. वाचकाला ते समजावून सांगायच्या मोहात मात्र पडू नका.

या महिन्यात एवढंच करा. डोहापासून उंबऱ्यापर्यंतची तुळसाची वाट लिहा, पाच-सहा पानं. वाटेत तिला तीन माणसं भेटू द्या. खुंटी, सूत, गाठ यांपैकी कशाचाही अर्थ सांगू नका. झाल्यावर बहिणीला वाचायला द्या आणि ती काय विचारते ते मला कळवा.

आणखी एक. वीस पानांत तुम्ही गोदाकाकूच्या गाईचंही नाव लिहिलं आहे, पण तुळसाचा भाऊ सगळीकडे नुसता 'भाऊ' आहे. त्याचं नाव काय?